पाणबुडीतला कॅमेरामन आणि २८ मार्च २००२

योस्ट वाकानो हे नाव काढलं की दोन प्रकारची माणसं बोलू लागतात. एक म्हणजे 'दास बोट' हा दुसऱ्या महायुद्धातल्या जर्मन पाणबुडीवरचा चित्रपट पाहिलेले सिनेमावेडे. त्यांना पाणबुडीच्या नळीतून सुसाट धावणारा कॅमेरा आठवतो. दुसरे कॉपीराइटचे वकील. त्यांना २०११, २०२० आणि २०२१ या तीन निकालांची वर्षं आठवतात. पहिल्यांना बहुधा खटल्याची खबर नसते आणि दुसऱ्यांना कॅमेऱ्याची. खटला असा की 'दास बोट'चे कॅमेरामन वाकानो यांनी चित्रपटाच्या पुढच्या कमाईत वाटा मागितला. तो समजून घ्यायचा तर तो कॅमेरा आधी समजायला हवा, असं माझं ठाम मत आहे. म्हणून ही पार्श्वभूमी.

सुरुवातीचा काळ थोडक्यात सांगतो. वाकानो यांचा जन्म १५ मार्च १९३४ चा, उत्तर-पश्चिम जर्मनीतल्या ओस्नाब्र्युक गावचा. म्युनिकला ते इलेक्ट्रिकल इंजिनिअरिंग शिकायला आले आणि चित्रपटाचं शिक्षण तिथंच, जोडीजोडीनं सुरू झालं. १९५७ मध्ये मॉस्कोत जागतिक युवक महोत्सव भरला, तेव्हा एका तरुण दिग्दर्शक मित्राबरोबर ते तिथं चित्रीकरणाला गेले. पुढं त्याच मित्राचा 'शोनत्साइट फ्युअर फ्युक्से' हा कथापट त्यांनी टिपला आणि १९६६ च्या बर्लिन महोत्सवात त्याला 'रौप्य अस्वल' हे ज्युरीचं खास पारितोषिक मिळालं. जुना सिनेमा मोडीत काढू पाहणाऱ्या जर्मन तरुणांचा तो काळ. त्यावर पुष्कळ लिहिलं गेलं आहे, इथं पुन्हा नको.

महत्त्वाचं ते पुढं. साठ आणि सत्तरच्या दशकांत वाकानोंच्या कामाचा मोठा वाटा टेलिव्हिजनसाठी होता. टीव्ही म्हटलं की आपल्या डोळ्यांपुढं स्टुडिओतली मालिका, तीन कॅमेरे आणि सगळीकडून सारखा पडलेला सपाट प्रकाश येतो. पश्चिम जर्मनीत तसं नव्हतं. तिथली सार्वजनिक चॅनेलं, म्हणजे लोकांच्या परवाना शुल्कावर चालणारी, स्वतःच्या पैशानं सलग कथापट काढत. फिल्मवर चित्रीकरण, बाहेरची खरी ठिकाणं, नाटक आणि साहित्याच्या मुशीतून आलेले दिग्दर्शक. थिएटरचा धंदा बसत चालला होता आणि चांगलं काम करू पाहणाऱ्या कॅमेरामनला पगार टीव्हीच देत होता. मर्यादित दिवस, लहान टीम, कमी दिवे. वाकानोंच्या हातचा चटपटीतपणा या शाळेतून आलेला आहे.

१९७४ मध्ये सरकारी चित्रपट निधी आणि चॅनेलं यांच्यात करार झाला. चॅनेलांनी थिएटरच्या चित्रपटांत पैसे घालायचे, चित्रपट आधी थिएटरात लागायचा आणि ठरावीक मुदतीनंतर टीव्हीवर दाखवायचा. काही वर्षांनी एका टीव्ही अधिकाऱ्यानं या जातीच्या चित्रपटाला नाव दिलं, 'उभयचर'. बेडकासारखा, पाण्यातही राहणारा आणि जमिनीवरही. हा शब्द तिकडच्या समीक्षकांना मुळीच आवडला नाही. पडदा आणि पेटी या दोन्हींसाठी एकदम बनवलेल्या चित्रपटात दोन्हीकडची तडजोड असणार, असं त्यांचं म्हणणं होतं. वाद कलेचा म्हणून गाजला. पण त्यात एक व्यवहाराचा प्रश्न दडलेला होता आणि त्याकडं तेव्हा फार थोड्यांचं लक्ष गेलं. चित्रपट दोन ठिकाणी राहणार असेल तर तो बनवणाऱ्याला मोबदला किती ठिकाणचा?

या दशकात वाकानोंची यादी लांबत गेली. १९७४ चा 'झुपरमार्क्ट', हॅम्बर्गमधला, घरदार नसलेल्या एका तरुणाच्या मागंमागं पळणारा. १९७५ चा 'डी फरलोरेने एऱ कातारिना ब्लूम', एका बाईची वृत्तपत्रानं केलेली बदनामी दाखवणारा. म्युनिक ऑलिंपिकमधल्या ओलीसकांडावर १९७६ मध्ये निघालेला एक अमेरिकन टीव्हीपट त्यांनी म्युनिकमध्येच टिपला. १९७७ मध्ये एका डच दिग्दर्शकाबरोबर 'सोल्डाट फान ओरान्ये' केला. ही जोडी पुढं चांगली पंचवीसेक वर्षं टिकली आणि दोघांनाही अमेरिकेत घेऊन गेली.

आता पाणबुडी.

'दास बोट' म्युनिकजवळच्या एका मोठ्या स्टुडिओत १९८० च्या आसपास उभा राहिला. दोन चॅनेलांचे पैसे त्यात होते. जर्मन सिनेमानं तोवर इतका खर्च क्वचितच पाहिला होता. पाणबुडीचा आतला भाग खऱ्याबरहुकूम बांधला गेला आणि यंत्रावर बसवला, म्हणजे स्फोटाच्या वेळी सगळी नळी हलवता यावी, तिरकी करता यावी. सेट म्हटला की एक भिंत सरकवायची आणि कॅमेरा लांब नेऊन ठेवायचा, हा जगभरचा शिरस्ता आहे. इथं तो पाळायचा नाही असं ठरलं. कॅमेरा माणसांबरोबर आतच राहणार, भिंतीपलीकडून एकही शॉट नाही. खलाशाला जिथून दिसत नाही तिथून प्रेक्षकालाही दिसणार नाही.

पाणबुडीत झटकन बुडी मारायचा हुकूम सुटतो तो प्रसंग पुन्हा एकदा फक्त कॅमेऱ्यासाठी पाहा. नाक जड व्हावं म्हणून मोकळा असलेला प्रत्येक खलाशी पुढच्या टोकाकडं धावतो. वाटेत आडव्या भिंती आणि त्यांत गोल, जेमतेम एका माणसाच्या मापाची दारं. खलाशी दाराच्या वरची कड दोन्ही हातांनी पकडतो, पाय आधी आत टाकतो आणि पलीकडं उतरून पुन्हा धावू लागतो. त्याच्या पाठीला लागून कॅमेरा. दार येतं, कॅमेरा त्यातून पार होतो, दुसरं दार येतं, तेही मागं पडतं. दोन्ही बाजूंना बंक, पाइप, चाकं, टांगलेली शिधासामग्री, अंगाला घासत जाणारी. आणि एवढ्या धावपळीत चित्र खालीवर उसळतं, पण क्षितिजाला तिरकं होत नाही. धाप लागलेली जाणवते, गरगरल्यासारखं होत नाही.

हे साधलं ते इंजिनिअरिंगमुळं. स्टेडिकॅम, म्हणजे चालत्या माणसाच्या अंगावरचा कॅमेरा स्थिर ठेवणारं साधन, तोवर बाजारात आलेला होता. पण त्याचा अंगावर चढवायचा साज, पुढं आलेला दांडा आणि खाली लोंबणारं वजन घेऊन त्या गोल दारांतून जाणं शक्य नव्हतं. वाकानोंनी लहानसा आरिफ्लेक्स कॅमेरा घेतला आणि त्याला दोन जायरोस्कोप जोडले. जोरात फिरणारी चकती आपल्या आसाची दिशा सहजी बदलू देत नाही. मुलांचा भोवरा वेगात असेपर्यंत उभा राहतो, तीच गोष्ट. वेगवेगळ्या दिशांच्या आसांवर दोन चकत्या असल्या की हाताचा बारीक कंप आणि कलणं दोन्ही शोषलं जातं, पण पावलांचा ठेका उरतो. तो ठेका त्यांना हवाच होता. अंगाला पॅडिंग बांधून ते स्वतः त्या नळीतून धावले. खांदे, कोपरं आणि गुडघे कुठं आपटतील याचा नेम नव्हता.

प्रकाशाचंही तसंच. पाणबुडीत जे दिवे असतात त्यांनीच चेहरे उजळायचे, हा त्यांचा आग्रह होता. छताचे बल्ब, संकटसमयीचा दिवा, हातातली बॅटरी. वर बघणाऱ्या माणसांच्या दाढीतला घाम चमकतो तो याच दिव्यांमुळं. बाहेर पाण्याखाली बॉम्ब फुटत असतात, आत काही दिसत नाही, फक्त डोळे छताकडं. कितीतरी मिनिटं आपण निव्वळ ऐकणारे चेहरे पाहत असतो आणि तरी जागचे हलत नाही. कथा लेखकाची, नट दिग्दर्शकानं घडवलेले, आवाज ध्वनीच्या माणसांचा, हे सगळं मान्य. पण या चित्रपटातला कोंडलेपणा प्रेक्षकाच्या अंगावर आला तो ज्या एका निर्णयानं, तो कॅमेऱ्याचा निर्णय आहे. अमेरिकेत त्याला ऑस्करची सहा नामांकनं मिळाली आणि त्यांतलं एक छायाचित्रणाचं होतं.

१७ सप्टेंबर १९८१ ला चित्रपट लागला, सुमारे अडीच तासांचा. उभयचरच तो, त्यामुळं पुढची कहाणी टीव्हीवर. १९८४ मध्ये इंग्लंडात आणि १९८५ मध्ये जर्मनीत तो भागाभागांनी दाखवला गेला, एकूण जवळजवळ पाच तास. १९९७ मध्ये नव्यानं संकलन होऊन साडेतीन तासांच्या आसपासची आवृत्ती निघाली. मग कॅसेट, डीव्हीडी आणि वर्षानुवर्षं पुनःप्रक्षेपण. म्हणजे त्याच निगेटिव्हमधून तीन चित्रपट निघाले आणि ते कितीतरी वेळा विकले गेले. वाकानोंना मिळाली होती एकरकमी फी, २,०४,००० मार्क. आजच्या चलनात १ लाख ४ हजार युरोंच्या थोडं वर. १९८० मध्ये ही फी वाईट नव्हती, हेही सांगायला हवं. तक्रार तिच्या आकड्याबद्दल नव्हतीच. ती फी एकदाच मिळाली आणि वापर संपतच नव्हता, याबद्दल होती.

मधल्या काळात ते हॉलिवूडला गेले होते. 'द नेव्हरएंडिंग स्टोरी' १९८४ चा, तो म्युनिकमध्येच झाला. मग १९८७ चा 'रोबोकॉप', १९९० चा 'टोटल रिकॉल', १९९५ चा 'शोगर्ल्स', १९९७ चा 'स्टारशिप ट्रूपर्स' आणि २००० चा 'हॉलो मॅन'. बहुतेक चाहते कारकिर्दीचा हाच भाग ओळखतात, म्हणून त्यावर अधिक लिहीत नाही. फक्त एक नोंद. अमेरिकेत कॅमेरामन चित्रपटाचा सहसर्जक मानला जात नाही. काम कंपनीसाठी केलं, हक्क कंपनीचा. बदल्यात तिथल्या कामगार संघटनेनं पुनर्वापराच्या पैशांचा वाटा करारानं मिळवलेला आहे आणि तो आरोग्य व पेन्शन निधीत जातो. जर्मनीत नेमकं उलट होतं. कायद्यानं कॅमेरामनला सहसर्जक कलावंत म्हणून मानायला जागा होती, पण त्या मानाला पैशाचं रूप देणारी वाट बंद होती.

ती बंद का होती, हे सांगण्याआधी एका शब्दाकडं वळायला हवं. जर्मनमध्ये 'कामेरामान' हा एकच शब्द बातम्यांचं चित्रीकरण करणाऱ्या चॅनेलच्या नोकरदाराला लागतो, स्टुडिओतल्या कॅमेऱ्यामागं उभ्या राहणाऱ्याला लागतो आणि संपूर्ण चित्रपटाचं दृश्यरूप ठरवणाऱ्यालाही लागतो. अमेरिकेत प्रकाश आणि चौकट ठरवणारा वेगळा, कॅमेरा हाताळणारा ऑपरेटर वेगळा. जर्मनीत, विशेषतः टीव्हीच्या छोट्या टीममध्ये, दोन्ही कामं एकच माणूस करी. वाकानो तर नळीतून स्वतः धावले. या धावण्यानंच गोंधळ वाढवला असं मला वाटतं. कॅमेरा हातात धरून घाम गाळणारा माणूस लोकांना कारागीर वाटतो, खुर्चीवर बसून सांगणारा कलावंत वाटतो. खरं तर कुठून बघायचं हे त्यानंच ठरवलं, ते शक्य करणारं यंत्र त्यानंच घडवलं आणि शेवटी चाललाही तोच.

म्हणून १९८० मध्ये कॅमेरामनांची देशव्यापी संघटना निघाली, तेव्हा संस्थापकांत वाकानो होते आणि पुढं वर्षानुवर्षं ते तिच्या धुरीणांत राहिले. या मंडळींनी नव्या शब्दांचा आग्रह धरला. आधी 'प्रकाशयोजना करणारा कॅमेरामन', मग 'बिल्डगेश्टाल्टर', म्हणजे प्रतिमेला आकार देणारा. बाहेरच्यांना ही शब्दांची हौस वाटली. पण न्यायालयात शब्दावर सगळं अवलंबून असतं. 'आकार देणारा' म्हटलं की सर्जन आलं, सर्जन आलं की कॉपीराइट आला.

आपल्याकडंही श्रेयनामावलीत कुठं 'छायाचित्रण' असतं, कुठं 'छायांकन', कुठं 'छायादिग्दर्शक' आणि जुन्या पाट्यांवर 'छायालेखन'. मला यांतला शेवटचा फार आवडतो. त्यात लेखन आहे, म्हणजे लेखकही आला. पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमधून या विषयाचे किती विद्यार्थी बाहेर पडले, पण बोलताना आपण सगळ्यांना 'कॅमेरामन'च म्हणतो. मीही या लेखात तेच करतो आहे, कारण वाचकाला तोच शब्द सरावाचा आहे.

आता कायदा. पश्चिम जर्मनीचा कॉपीराइट कायदा १९६५ चा. त्याच्या ३६ व्या कलमात एक उदार तरतूद होती. लेखकानं हस्तलिखित थोडक्या पैशांत विकलं आणि पुस्तक अफाट खपलं, तर मूळ रक्कम आणि कमाई यांतल्या ढळढळीत तफावतीमुळं करार बदलून मागता येई. लोक याला 'बेस्टसेलर कलम' म्हणत. पण याच कायद्याच्या ९० व्या कलमात एक छोटं वाक्य होतं. चित्रपटाच्या सर्जकांना ३६ वं कलम लागू नाही. कादंबरीकाराला मिळणारा न्याय कॅमेरामनला नाही, दिग्दर्शकालाही नाही. चित्रपटात पैसा मोठा असतो, धोका निर्माता घेतो, हक्क त्याच्याकडं निर्वेध हवेत, हे त्यामागचं कारण. दहांतले बहुतेक चित्रपट बुडतात आणि बुडीत चित्रपटाच्या कॅमेरामनकडं कोणी फी परत मागत नाही, असंही निर्माते सांगत. मुद्दा खोटा नाही. पण चित्रपट बुडाला नाही तेव्हा काय, याचं उत्तर त्यात नाही.

हे वाक्य छत्तीस वर्षं टिकलं. २००२ मध्ये लेखक-कलावंतांच्या करारहक्कांसाठी कायद्यात मोठी दुरुस्ती झाली. ३६ व्या कलमाच्या जागी 'बत्तीस अ' आलं, चित्रपटाचा अपवाद गेला आणि 'ढळढळीत' तफावतीऐवजी 'ठळक' तफावत पुरेशी ठरली. विधेयकाच्या खुलाशात असं म्हटलं होतं की योग्य वाटा ठरलेल्या मोबदल्याच्या दुप्पट निघाला, तर तफावत ठळक समजावी. आणखी एक महत्त्वाची गोष्ट आली. ज्याच्याशी करार झाला त्याच्याकडंच नव्हे, तर त्याच्याकडून हक्क घेऊन पुढं कमावणाऱ्याकडंही थेट मागणी करता येऊ लागली. कॅमेरामनचा चॅनेलशी कागद नसला तरी चॅनेल उत्तर द्यायला बांधील.

मात्र जुन्या करारांसाठी एक रेघ ओढली गेली. दुरुस्ती राजपत्रात छापली गेली तो दिवस, २८ मार्च २००२. त्यानंतर घडलेल्या वापरालाच नवं कलम लागू. सगळा गुंता या तारखेत आहे. 'दास बोट'ची सर्वांत मोठी कमाई १९८१ ते २००२ या काळातली. थिएटर, अमेरिकेतली विक्री, पाच तासांची मालिका, नवं संकलन, कॅसेटी. रेघेनंतर उरलं ते मुख्यतः पुनःप्रक्षेपण आणि डीव्हीडी. निर्माते आणि चॅनेलं म्हणाली, रेघेअलीकडचं मोजा, पलीकडचं विसरा. आणि अलीकडचं एकटं मोजलं तर ही फी काही फार कमी दिसत नाही.

वाकानो न्यायालयात गेले तेव्हा सत्तरी ओलांडली होती. अडचण अशी की किती कमावलं हे कमावणाऱ्यालाच माहीत. म्हणून आधी मागणी हिशेबाची आणि हिशेब आल्यावर रकमेची, असा दोन टप्प्यांचा दावा. स्टुडिओ, एक चॅनेल आणि व्हिडिओ विकणारी कंपनी यांच्याविरुद्ध म्युनिकमध्ये २००९ आणि २०१० मध्ये हिशेबाच्या टप्प्याचे निकाल लागले. प्रकरण सर्वोच्च दिवाणी न्यायालयात गेलं आणि २२ सप्टेंबर २०११ ला त्याचा पहिला निकाल आला.

मला हा निकाल सर्वांत न्याय्य वाटतो, आणि वाद सर्वाधिक त्यावरच झाला. न्यायालयानं रेघ पुसली नाही. पैसे मिळतील ते रेघेनंतरच्या वापराचेच. पण त्या वापरात तफावत ठळक आहे की नाही हे ठरवताना आधीची कमाईही पाहावी लागेल, कारण मूळ फी ही संपूर्ण वापरासाठी दिलेली होती. त्या २,०४,००० मार्कांत पहिल्या वीस वर्षांचा मोबदलाही होता. तो वापर फीनं फेडून झाला असेल, तर २००२ नंतरच्या प्रत्येक प्रक्षेपणासाठी त्या फीतलं शिल्लक काय उरलं? शेतकऱ्यानं एका हंगामाच्या भाड्यात विहीर दिली आणि घेणारा वीस वर्षं पाणी उपसत राहिला, तर एकविसाव्या वर्षाचं भांडण करताना मागचा उपसा धरायचा की नाही? न्यायालय म्हणालं, तफावत मोजताना धरायचा. याला विरोध करणारे म्हणत की अशानं कायदा मागल्या दाराने भूतकाळाला लागू झाला. मला हे पटत नाही. भूतकाळातला एक पैसासुद्धा कोणाकडून काढून घ्यायला न्यायालयानं सांगितलं नव्हतं.

पुढचा पेच आणखी अवघड. सार्वजनिक चॅनेल तिकीट विकत नाही. रविवारी रात्री 'दास बोट' दाखवला तर त्यातून कमाई काय झाली म्हणायची? उत्तर असं काढलं गेलं की चॅनेलला तो वेळ भरायला दुसरं काहीतरी बनवावं लागलं असतं. तो वाचलेला खर्च म्हणजे फायदा. पण मोजणार कसा? चॅनेलांच्या स्वतःच्या निर्मितीत काम करणाऱ्यांसाठी सामूहिक करार असतात आणि त्यांत प्रत्येक पुनःप्रक्षेपणामागं मूळ मोबदल्याचा अमुक टक्का असे तक्ते असतात. 'दास बोट' या करारांखाली आलेला नव्हता. तरी मार्गदर्शक म्हणून ते तक्ते वापरायला हरकत नाही, असं न्यायालयांनी धरलं.

आठ चॅनेलांविरुद्धचा वेगळा दावा श्टुटगार्टमध्ये चालला. २०१८ मध्ये तिथल्या वरिष्ठ न्यायालयानं ३ लाख १५ हजार युरोंच्या आसपास रक्कम मंजूर केली. म्युनिकच्या प्रकरणातही वरिष्ठ न्यायालयानं २०१७ च्या डिसेंबरात वाकानोंच्या बाजूनं मोठी रक्कम दिली होती. दोन्ही निकाल सर्वोच्च दिवाणी न्यायालयात टिकले नाहीत. फेब्रुवारी २०२० मध्ये श्टुटगार्टचा आणि १ एप्रिल २०२१ ला म्युनिकचा निकाल बराचसा रद्द होऊन फेरविचारासाठी परत गेला. हक्क नाकारला गेला नाही, गणित नाकारलं गेलं. हक्क एकाकडून अनेकांकडं गेले असतील, तर प्रत्येकाचा हिशेब स्वतंत्र. कॅमेरामनच्या एकूण फीतला जो भाग त्या विशिष्ट वापराला लागू पडतो, तेवढाच तराजूच्या एका पारड्यात टाकायचा आणि समोर फक्त त्याच वापरकर्त्याचा फायदा. तर्क बिनतोड आहे. पण १९८० च्या एका ओळीच्या करारात थिएटरसाठी इतके, टीव्हीसाठी इतके असं काही लिहिलेलं नसतं. चाळीस वर्षांनी ती एक रक्कम चिरून तिच्या फाका करायच्या आणि तेही सत्त्याऐंशी वर्षांच्या वादीनं, हे मला जड जातं. समोरच्यांकडं पगारी वकिलांची फौज आणि वेळच वेळ.

या तारखांचं एक फळ मात्र कायद्यात दिसतं. २०२१ च्या उन्हाळ्यात युरोपीय निर्देशानुसार जर्मनीनं कॉपीराइट कायदा पुन्हा बदलला. 'ठळक तफावत' हे शब्द गेले आणि मोबदला कमाईच्या मानानं 'अवाजवी कमी' असला म्हणजे पुरे, असं आलं. वापरणाऱ्यानं वर्षातून एकदा आपणहून हिशेब द्यायचा, अशी सक्तीही आली. वाकानोंना न्यायालयात नुसता हिशेब मिळवायला वर्षं लागली होती, ती जागा नेमकी इथं भरली गेली.

भारतातलं चित्र वेगळं आहे आणि इथल्या सिनेमाशी जर्मन कॅमेऱ्याचं नातं जुनं आहे. १९३४ मध्ये मालाडला उभ्या राहिलेल्या स्टुडिओचे पहिले चित्रपट एका जर्मन कॅमेरामननंच टिपले. दुसऱ्या महायुद्धात शत्रुराष्ट्राचा नागरिक म्हणून तो नजरकैदेत गेला आणि सुटल्यावर पुन्हा इथंच कामाला लागला. 'महल'मधल्या सावल्या त्याच्या. आपल्या १९५७ च्या कायद्यात चित्रपटाचा कर्ता म्हणजे निर्माता. २०१२ च्या दुरुस्तीनं गीतकार, संगीतकार आणि पटकथाकार यांना रॉयल्टीचा न सोडता येणारा हक्क दिला. दिग्दर्शकाला सहकर्ता करण्याचा प्रस्तावही मसुद्यात होता, तो गळला. कॅमेरामनचा विषय त्या चर्चेत ठळकपणे आलाच नाही. गाण्याचे शब्द आणि चाल वेगळी काढून दाखवता येते, कॅमेऱ्याचं काम चित्रपटापासून सोलून काढता येत नाही. तेच त्याचं सामर्थ्य आणि हक्क मागताना तीच अडचण.

जर्मनीतही एक दार अजून उघडलेलं नाही. चित्रपटाच्या कॉपीराइटची मुदत सत्तर वर्षं, पण ती कोणाच्या मृत्यूपासून मोजायची, याची यादी युरोपीय निर्देशातून १९९० च्या दशकात जर्मन कायद्यात आली. मुख्य दिग्दर्शक, पटकथाकार, संवादलेखक आणि त्या चित्रपटासाठी संगीत करणारा संगीतकार. या चौघांतला जो शेवटी जाईल त्याच्यापासून सत्तर वर्षं. न्यायालयांनी वाकानोंना 'दास बोट'चे सहसर्जक मानलं, तीन वेळा त्यांचं प्रकरण देशाच्या सर्वोच्च दिवाणी न्यायालयानं ऐकलं. तरी त्या यादीत पाचवं नाव नाही.